हप्ता वाढला नाही

मी आठवीच्या वर्गाला चक्रवाढ व्याज शिकवते. गंगापूर तालुक्यातल्या एका जिल्हा परिषदेच्या शाळेत एकवीस वर्षं तेच करते आहे. मुद्दल, दर, मुदत, रास. फळ्यावर सूत्र लिहिलं की मुलं वहीत उतरवून घेतात आणि मी दरवर्षी न चुकता एक वाक्य बोलते, “व्याजाला मुदत लई आवडते. मुदत वाढली की ते फुगतं.” हे वाक्य पुस्तकातलं नाही, माझं स्वतःचं आहे, आणि मला त्याचा अभिमान होता. लोका सांगे ब्रह्मज्ञान, स्वतः कोरडे पाषाण ही म्हण ज्यानं कुणी केली, त्यानं आमच्या घरात डोकावूनच केली असणार.

सतरा वर्षांपूर्वी आम्ही पुंडलिकनगरात रो-हाऊस घेतलं. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि वर उघडी गच्ची. बँकेचं बारा लाखांचं कर्ज, वीस वर्षांच्या मुदतीचं, व्याज सव्वानऊ टक्के, महिन्याचा हप्ता दहा हजार नऊशे नव्वद. करारावर शहराचं जुनं नाव आहे आणि पासबुकावर नवं. मधल्या काळात शहराचं नाव बदललं, बँकेचे मॅनेजर कितीतरी बदलले, बदलला नाही तो हप्त्याचा आकडा. आम्हा नवरा-बायकोला तो जन्मतारखेसारखा पाठ आहे.

घरात राहायला गेलो त्या दिवशी भन्तेजींनी वंदना घेतली, खीर झाली, आणि माझे वडील पुढच्या खोलीच्या भिंतीला हात लावून बराच वेळ उभे राहिले. ते गावी मजुरी करायचे. लहानपणी त्यांना त्यांच्या वडिलांबरोबर ज्वारी उसनी मागायला एका घरी जावं लागे. तिथं पायरीखाली, उन्हात, मालकाला सवड होईपर्यंत उभं राहायचं. ते उभं राहणं त्यांच्या अंगातून कधी गेलं नाही. त्यांनी जावयाला आणि मला समोर बसवलं. म्हणाले, “देणं तारखेच्या आधी द्यायचं. अन् दिलं की त्या दाराकडं ढुंकून बघायचं नाय. कुणाच्या दारात उभं राहायची पाळीच येऊ देऊ नका.”

आम्ही तो शब्द झेलला, आणि बँकेलाही लावला. पाच तारखेला हप्ता कापला जायचा, म्हणून मी तीन तारखेलाच खात्यात पैसे आहेत ना ते बघायची. नवऱ्याचा पगार लांबला तर माझ्या पगारातून, माझा लांबला तर त्याच्या पगारातून, पण हप्ता जायचाच. सतरा वर्षांत एक हप्ता चुकला नाही, आणि सतरा वर्षांत आम्ही बँकेच्या कर्ज विभागात पाऊल टाकलं नाही. या दोन्ही गोष्टी मी लोकांना सारख्याच तोऱ्यात सांगायची.

कर्ज घेतल्यावर तीन वर्षांनी व्याजाचे दर वाढले. शाळेत आमच्या शिक्षकांच्या खोलीत ज्याच्या त्याच्या तोंडी तेच. एका सरांचा हप्ता हजाराच्या वर वाढला होता. ते डबा खाताना रोज त्याचं रडगाणं लावायचे. मी घरी येऊन आधी पासबुक बघितलं. दहा हजार नऊशे नव्वद. एक रुपया वाढला नव्हता. आठ दिवसांनी बँकेचं पत्रही आलं. पहिलीच ओळ होती की आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल झालेला नाही. दुसऱ्या दिवशी मी त्या सरांना ऐकवलं, “बँक निवडतानाच डोळे उघडे ठेवायचे असतात, सर.” आणि संध्याकाळी शाळेहून शहरात सोडणाऱ्या जीपमधून उतरल्यावर अर्धा किलो श्रीखंड घेऊन घरी गेले.

नवरा चितेगावच्या एका कारखान्यात प्रेसवर काम करायचा. प्रेस म्हणजे लोखंडी पत्रा ठोकून त्याचे भाग काढणारं घराएवढ्या उंचीचं यंत्र. काम जोखमीचं आणि आवाजाचं, म्हणून पगाराशिवाय महिना दोन हजारांच्या आसपास वेगळा भत्ता मिळायचा. कर्जाच्या पाचव्या वर्षापासून त्यानं तो भत्ता त्याच बँकेत आवर्ती ठेवीत टाकायला सुरुवात केली. दर महिना दोन हजार. मुदत संपली की मोठी ठेव करायची आणि पुन्हा नवीन सुरू. “हे प्रेसचे पैसे हायेत. ह्याला हात लावायचा नाय. ह्यातून वरचा मजला,” तो म्हणायचा. वर दोन खोल्या, त्यांचं भाडं, आमच्या म्हातारपणाची सोय. गच्चीवर वाळवण घालायला गेलं की तो मला इथं दार, इथं खिडकी असं पायानं आखून दाखवायचा.

त्याच सुमारास त्याच्या साहेबांनी त्याला स्टोअरला येतोस का म्हणून विचारलं होतं. स्टोअर म्हणजे सुट्या मालाची नोंद, कपाटं, डोक्यावर पंखा. पगार तोच, भत्ता तेवढा बंद. त्यानं घरी येऊन मला विचारलं. मी म्हणाले, “आधी वरचा मजला होऊ द्या. भाडं सुरू झालं की मग बसा स्टोअरात.” तोही हो म्हणाला. हेही वाक्य माझंच. माझी वाक्यं मोजायला बसले की मला माझाच राग येतो.

प्रेसचा आवाज मी एकदाच ऐकला आहे. कारखान्यात घरच्यांना बोलावलं होतं तेव्हा. तो कानानं ऐकायचा आवाजच नाही, पायातून वर चढतो. कंपनी कानात घालायला बोळे देते. नवरा ते खिशात ठेवायचा. मी त्यावरून भांडले तेव्हा त्यानं मला समजावलं होतं की खालचा साचा नीट बसला की नाही, हे प्रेसवाल्याला ठोक्यावरून कळतं. ठोका जरा बदलला की हात मागं घ्यायचा. बोळे घातले तर ठोका कळत नाही, आणि ठोका कळला नाही तर बोटं जातात. त्याच्या बरोबरीच्या दोघांची गेली होती. बोटं वाचवायला त्यानं कान उघडे ठेवले.

दोन वर्षांपूर्वीपासून घरात टीव्हीचा आवाज वाढत गेला. मग तो मला दोनदोनदा ‘आँ?’ करायला लागला, आणि मी चिडायला लागले. मला वाटायचं, नवरेलोकांना बायकोचं ऐकू येत नाही तसलाच हा प्रकार. शेवटी कानाच्या डॉक्टरकडं नेलं. डॉक्टरांनी तपासणीचा कागद पुढं ठेवला. डावा कान निम्म्याहून जास्त गेला आहे. उजव्याला सुरुवात झाली आहे. गेलेलं परत येत नाही. राहिलेलं सांभाळायचं असेल तर त्या यंत्रापासून लांब व्हा.

बाहेर पायऱ्यांवर बसून तो बूट घालत होता. म्हणाला, “तीन वर्षं राह्यली. हप्ता संपला की दुसऱ्या दिवशी राजीनामा. तेवढी तीन वर्षं काढंल की हा.” ‘हा’ म्हणताना त्यानं उजव्या कानाला हात लावला.

तीन वर्षं म्हणजे छत्तीस हप्ते. थोडेफार पैसे आधी भरले तर छत्तीसचे तीस करता येतील का, एवढंच विचारावं म्हणून मी एका शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर बँकेत गेले. वडिलांचा शब्द मोडून पहिल्यांदाच. कर्जाच्या टेबलावर एक तरुण मुलगी होती, माझ्या दहा-बारा वर्षांपूर्वीच्या वर्गातल्या मुलींच्या वयाची. तिनं खाते क्रमांक टाकला आणि सहज म्हणाली, “मॅडम, अजून एकशे पंधरा हप्ते आहेत.”

मी तिला वर्गात सुधारतात तसं सुधारलं. “छत्तीस.”

तिनं पडदा माझ्याकडं वळवला. एकशे पंधरा. नऊ वर्षं सात महिने. मुद्दल बाकी, सात लाख पंच्याऐंशी हजार. मी म्हणाले, “आमचा एकही हप्ता चुकलेला नाही.” ती म्हणाली, “तेच तर. खातं अगदी स्वच्छ आहे तुमचं.” मग तिनं जे सांगितलं ते मी तिसऱ्यांदा ऐकल्यावर मला कळलं. चौदा वर्षांपूर्वी दर पावणेअकरावर गेला. हप्ता तेवढाच ठेवला. मग बँकेनं मुदत वाढवली. आणि तो दर पुढं तिथंच राहिला, कारण आम्ही जुन्या योजनेत होतो. नवीन गिऱ्हाइकांना आता साडेआठनं मिळतं. आम्हालाही कधीच बदलून मिळालं असतं, अर्ज दिला असता तर.

“मग सांगितलं का नाही कुणी?” माझा आवाज चढला. शेजारच्या टेबलावरची माणसं बघायला लागली.

ती गोरीमोरी झाली. “मॅडम, हप्ता थकला की आम्ही फोन करतो. तुमच्याकडं फोन करायचं कारणच कधी पडलं नाही.”

मला तिच्यावर तुटून पडायचं होतं. आम्ही घर घेतलं तेव्हा ही पोरगी फ्रॉकमध्ये असेल, हिच्यावर काय तुटून पडायचं! तिनं उठून मला पाण्याचा ग्लास दिला आणि न मागता सगळा उतारा छापून दिला. सतरा वर्षांची पानं होती, गरम गरम. ती पिशवीत घालून मी घरी आले.

घरी आल्यावर आधी मी कर्जाची फाईल काढली. ते जुनं पत्र त्यात होतं. पहिली ओळ मला आठवत होती तीच. हप्त्यात बदल नाही. तिच्या खाली दुसरी ओळ होती. परतफेडीच्या कालावधीत त्यानुसार बदल होईल. आणि कोपऱ्यात लाल पेनानं बरोबरची खूण, खाली माझी सही. मुलांच्या वह्यांवर करते तशी. तपासलं होतं म्हणे मी.

मग मी कच्ची वही घेतली आणि एकेक महिना सोडवायला बसले. पुस्तकातलं सूत्र इथं जसंच्या तसं लागत नाही, कारण इथं मुद्दल दर महिन्याला थोडं कमी होतं. किती थोडं, ते मला तेव्हा कळलं. दर वाढला त्या महिन्यात आमच्या दहा हजार नऊशे नव्वदमधले दहा हजार एकशे सहा व्याजात गेले होते. मुद्दलाला लागले आठशे चौऱ्याऐंशी. माझं जीपचं महिन्याचं भाडंसुद्धा तेवढ्यात निघत नव्हतं. पोटाला चिमटा घेऊन आम्ही बँकेला आतापर्यंत बावीस लाख बेचाळीस हजार दिले होते, आणि बारा लाखांतले सव्वाचार लाखसुद्धा फिटले नव्हते. असंच चालू राहिलं तर बारा लाखांचे पस्तीस लाख होणार होते. पण त्या पस्तीस लाखांपेक्षा मला ती नऊ वर्षं सात महिने खात होती. डॉक्टरांचा कागद त्याच कपाटात होता. उजवा कान तीन वर्षं काढील की नाही याची जिथं खात्री नव्हती, तिथं नऊ वर्षं!

नवऱ्याला सांगायला मला बारा दिवस लागले. एक तर धीर होत नव्हता. तो रोज कारखान्याच्या बसमधून उतरून घरी यायचा आणि कॅलेंडरकडं बघून म्हणायचा, “बाई, आता पस्तीस.” मी शिकवते म्हणून तो मला चेष्टेनं बाई म्हणतो. मी भाजी चिरत मान हलवायची. आणि दुसरी अडचण ऐकून कुणाला हसू येईल. आमच्या ओळीतली घरं भिंतीला भिंत लागून आहेत. बहिऱ्या नवऱ्याला गुपित सांगायचं म्हणजे ओरडून सांगायचं, आणि ओरडलं की ते तिसऱ्या घरापर्यंत जातं. ज्या घरात आम्ही सतरा वर्षं मान ताठ ठेवून राहिलो, तिथं मी काय ओरडणार होते? ‘अहो, आपलं कर्ज फिटलंच नाही’ असं?

शेवटी एका रविवारी मी त्याला म्हणाले, शाळेत पेपर राहिलेत तपासायचे, सोडता का गाडीवर? वर्गाची किल्ली माझ्याकडंच असते. त्याला मी आठवीच्या वर्गात पहिल्या बाकावर बसवलं. त्याचे गुडघे बाकात मावेनात.

“काय, परीक्षा हाय का माझी?” तो हसत म्हणाला.

मी खडू घेतला. तोंडानं सांगण्यापेक्षा मला ते सोपं होतं. घेतले किती, दिले किती, फिटले किती, राहिले किती. शेवटी एकशे पंधरा लिहून त्याखाली दोन रेघा मारल्या आणि मी फळ्याकडं तोंड करून उभी राहिले. मागं वळायची माझी हिंमत नव्हती.

मागून त्याचा आवाज आला. “म्हंजे आपला हप्ता कधी चुकला का?”

“एकदाबी नाय,” मी मोठ्यानं म्हणाले.

“मग आपलं चुकलं काय?”

वर्गात रडायचं नाही हा माझा नियम आहे, तो त्या दिवशी मोडला. मी म्हणाले की आपण विचारायला गेलो नाही. देत राहिलो, पण विचारलं नाही. पत्र आलं होतं, मी एकच ओळ वाचली. तो उठून माझ्याजवळ आला. मला वाटलं, आता चिडेल. चिडला असता तर बरं झालं असतं. त्यानं माझ्या हातातला खडू घेतला आणि फळ्याच्या रिकाम्या कोपऱ्यात लिहिलं, चार लाख पस्तीस हजार. त्याची ठेव. तो आकडा त्याला माझ्या मदतीशिवाय पाठ होता.

“हे टाकले तर?”

मी तिथंच सोडवलं. व्याज साडेआठ करून घेतलं आणि ठेव मोडून भरली तर छत्तीस हप्ते राहत होते आणि वर एक किरकोळ. म्हणजे तीच तीन वर्षं. सतरा वर्षं आम्ही समजत होतो तीच.

“झालं की मग! रडती कशाला?” तो म्हणाला.

“आणि वरचा मजला?”

“खालचा तरी आपला होऊ दे.” तो पुन्हा बाकावर बसला. थोडा वेळ फळ्याकडं बघून त्यानं विचारलं, “तवाच हप्ता वाढवून घेतला असता, तर किती वाढला असता?”

हे मी सोडवलेलं होतं. सोडवून वहीत दडवलेलं होतं. मी फळ्यावर लिहिलं, एक हजार एकाहत्तर.

“महिन्याला?”

“महिन्याला.”

“अन् आपण दोन हजार ठेवीत टाकत होतो. त्याच बँकेत!” तो एवढ्या मोठ्यानं हसला की वऱ्हांड्यातलं कुत्रं उठून पळालं. “येडे का खुळे आपण, बाई!” मला हसू आलं नाही. मला तेव्हा आमच्या शाळेतले ते सर आठवत होते, ज्यांना मी बँक निवडायला शिकवलं होतं. त्यांचा हप्ता वाढला होता, मुदत नाही.

सोमवारी मी रजा टाकली आणि आम्ही दोघं बँकेत गेलो. अर्ज पाऊण पानाचा होता. दर बदलायची काही हजारांची फी होती, ती भरली. ठेव मोडायच्या कागदावर नवऱ्यानं सही केली. सगळ्याला मिळून अर्धा तास लागला असेल. सतरा वर्षांच्या मानानं अर्धा तास. मला भिंतीवर डोकं आपटून घ्यावंसं वाटत होतं. त्या मुलीनं कागद जुळवून विचारलं, “सर, अजून काही?”

नवरा उठायच्या बेतात होता. तो परत बसला. खुर्ची पुढं ओढून, उजवा कान तिच्याकडं करून तो म्हणाला, “ताई, आमच्यासारखे लोक काय इचारत नाहीत, ते सांगा. तेवढं एकदा सांगूनच टाका.”

ती आधी हसली. मग तिनं एका कागदाच्या कोऱ्या बाजूवर लिहूनच दिलं. दरवर्षी उतारा मागायचा आणि त्यात हप्ता नाही, किती महिने बाकी आहेत ते बघायचं. दर वाढला तर हप्ता वाढवायचा की मुदत, हे आपण सांगायचं, बँकेवर सोडायचं नाही. हाताशी पैसे आले तर मधूनच मुद्दलात भरायचे, आमच्यासारख्या कर्जाला त्याचा दंड नसतो. नवऱ्यानं तो कागद घडी करून खिशात ठेवला. आता तो कारखान्यातल्या पोरांना दाखवतो. कुणी घर घेतलं म्हणून पेढे दिले की आधी विचारतो, “मुदत बघितली का रं?” लोक त्याला टाळायला लागलेत.

बँकेतून येताना मी त्याला त्रैराशिकात नव्हे, साध्या बेरजेत एक गोष्ट सांगितली. गाडी रस्त्याच्या कडेला थांबवायला लावून, उजव्या कानाशी तोंड नेऊन सांगितली. ठेव संपली. आता महिन्याला दोन हजार कुठं टाकायचे नाहीत. मग तो भत्ता कशाला पाहिजे? स्टोअर मागा. राजीनाम्याची वाट बघू नका, उद्याच मागा.

त्यानं मान हलवली. पण मला माझंच बोलणं ऐकून पुढचं गणित कळलं, आणि ते मी त्याला आजवर सांगितलेलं नाही. हप्त्याला त्या भत्त्याची कधीच गरज नव्हती. एक हजार एकाहत्तर माझ्या पगारातून सहज निघाले असते. तो बारा वर्षांपूर्वीच स्टोअरात बसला असता तरी कर्ज वेळेवर फिटलं असतं. बारा वर्षं प्रेससमोर उभं राहून त्यानं जे साठवलं, ते वरच्या मजल्यात गेलं नाही. मी न वाचलेल्या एका ओळीत गेलं. त्याला हे कळलेलं असावं. आमच्यात गणित माझं चांगलं असलं तरी हिशोब त्याचाच पक्का आहे. त्यानं ते तोंडातून काढलं नाही, हा त्याचा मोठेपणा आहे, आणि तो मला सोसत नाही.

स्टोअर मिळायला दोन महिने गेले. पहिला आठवडा भरल्यावर शनिवारी तो लवकर घरी आला. शर्टाला तेलाचा डाग नव्हता. मी चहा केला आणि त्याच्या उजव्या बाजूला बसले.

“कसं वाटतं स्टोअरात?” मी विचारलं. “लई शांत असंल ना?”

त्यानं कप खाली ठेवला. “समदे म्हणतात शांत हाय.” तो जरा हसला, मला वाईट वाटू नये म्हणून हसतो तसं. “माझ्या कानात प्रेस चालूच हाय, बाई. इथं बसलो तरी चालू, झोपलो तरी चालू. तिला काय सुट्टी होत नाय.”

मला खूप बोलायचं होतं. पण त्याला ऐकू जायचं तर मोठ्यानं बोलावं लागलं असतं.